आधी की-बोर्ड घरी आणा

मिरजेहून एका वडिलांचं पत्र आलं आहे. नाव छापत नाही. मजकूर थोडक्यात असा: मुलाला बारावीला 68 टक्के आणि एमएचटी-सीईटीत 74 पर्सेंटाइल मिळाले. तो मित्रांच्या रॉक बँडमध्ये की-बोर्ड वाजवतो आणि पुढेही हेच करायचं म्हणतो, ‘बँड चालला तर बँड, नाहीतर सेशन म्युझिशियन’ (म्हणजे बँडचा सदस्य न होता, ठरलेल्या फीवर दुसऱ्यांच्या रेकॉर्डिंगमध्ये वाजवणारा). वडिलांना वाटतं, त्याने एक वर्ष ड्रॉप घेऊन पुन्हा सीईटी द्यावी. परीक्षेआधी त्यांनी की-बोर्ड कोल्हापूरला बहिणीकडे नेऊन ठेवला, तो अजून तिथेच आहे. ते लिहितात, ‘गायक असता तर एक वेळ समजू शकलो असतो. हा स्टेजवर मागे उभा असतो, याला कोण ओळखणार?’ आणि पत्राच्या शेवटी, जाता जाता: ‘हल्ली तो आमच्याबरोबर जेवायला बसत नाही, बोलतही नाही फारसा, पण अभ्यासाला बसतो.’ या क्षेत्रात भविष्य आहे का आणि मुलाला समजवायचं कसं, हे त्यांना विचारायचं आहे.

नमस्कार.

तुमच्या पत्रातल्या टक्क्यांनी मला काळजी वाटली नाही. 74 पर्सेंटाइलला कुठे ना कुठे प्रवेश मिळतो, न मिळाल्यास बीएस्सी आहे, डिप्लोमा आहे. काळजी वाटली ती शेवटच्या ओळीची. अठरा वर्षांचा मुलगा घरच्यांबरोबर जेवायचं सोडतो, बोलायचं थांबवतो, आणि तुम्ही त्यापुढे ‘पण अभ्यासाला बसतो’ असं लिहिता, जणू त्यामुळे बाकी सगळं भरून निघालं. तसं होत नाही. तो पुस्तक उघडून बसतो एवढंच तुम्हाला दिसतंय. त्याच्या हातातून तुम्ही अशी गोष्ट काढून घेतली आहे जी त्याने स्वतः कष्टाने मिळवली होती, आणि तीही परीक्षा झाल्यावर परत दिली नाहीत. मुलाच्या बाजूने पाहिलं तर हा दिलेला शब्द मोडणं आहे. तुम्ही शब्द दिला नव्हता असं म्हणाल. त्याने तो गृहीत धरला होता, कारण समोर वडील होते.

म्हणून तुमच्या दोन्ही प्रश्नांआधी हे करा. या रविवारी कोल्हापूरला जा, की-बोर्ड घेऊन या. ‘आता नीट अभ्यास करशील ना?’ अशी अट घालू नका. आणून त्याच्या खोलीत ठेवा. मग दोन-तीन आठवडे त्याची झोप, जेवण, बोलणं याकडे लक्ष द्या. फरक पडला नाही तर सरकारच्या टेली-मानस या मानसिक आरोग्य सेवेचा 14416 हा क्रमांक आहे, तिथे तुम्हीही बोला, त्यालाही बोलू द्या. त्यात कमीपणा काही नाही. सीईटी पुढच्या वर्षीही असते.

आता ‘मागे उभा असतो’ याबद्दल. हा गैरसमज तुमच्या एकट्याचा नाही. पुढे उभा राहतो तो यशस्वी आणि मागचे सगळे पुढे पोचू न शकलेले, असं बहुतेक घरांत मानलं जातं. सेशन म्युझिशियन म्हणजे तर ज्याला बँडनेही घेतलं नाही तो. प्रत्यक्षात हा वेगळा व्यवसाय आहे, त्याची कसोटी वेगळी आहे. निकी हॉपकिन्स या इंग्लिश पियानोवादकाचं उदाहरण घ्या. 1944 मध्ये लंडनजवळ पेरिवेलला जन्म, तिसऱ्या वर्षापासून पियानो, पुढे रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकची शिष्यवृत्ती. सोळाव्या वर्षी ते शिक्षण सोडून तो एका रॉक अँड रोल बँडमध्ये गेला. 1963 मध्ये पोटाच्या दुखण्याने त्याला गाठलं, दीड वर्षाहून जास्त काळ रुग्णालयात गेला, अनेक शस्त्रक्रिया झाल्या. क्रोन्स डिसीज नावाचा तो आजार आयुष्यभर राहिला. गावोगावच्या दौऱ्यांची दगदग झेपणार नाही म्हणून तो लंडनच्या स्टुडिओंत बसला, आणि पुढची काही वर्षं इंग्लंडमधल्या अनेक मोठ्या बँडनी त्याला बोलावलं: द हू, द किंक्स, रोलिंग स्टोन्स, 1968 मध्ये बीटल्स. 1969 मध्ये अमेरिकेतल्या वूडस्टॉक संगीत महोत्सवात तो जेफरसन एअरप्लेन या बँडबरोबर वाजवत होता. रोलिंग स्टोन्सच्या ध्वनिमुद्रिकांवर तो दशकभराहून अधिक काळ आहे, पण बँडचा सदस्य कधीच नव्हता. त्याला पुन्हा पुन्हा बोलावत, कारण तो गाणं पटकन पकडायचा आणि गायकाच्या वाटेत न येता नेमकी रिकामी जागा भरायचा. 1994 मध्ये पन्नासाव्या वर्षी तो गेला. रॉक अँड रोल हॉल ऑफ फेमने 2025 मध्ये त्याचा सन्मान केला. तुमच्या ‘कोण ओळखणार’चं उत्तर यात आहे. रस्त्यावर त्याला कोणी ओळखत नव्हतं. ज्यांनी काम द्यायचं, ते सगळे ओळखत होते.

पुन्हा ज्याला फोन येतो तो यशस्वी. या धंद्यात दुसरी मोजपट्टी नाही.

आणि तुम्ही राहता मिरजेत! तिथल्या सतारी आणि तंबोरे देशभर जातात, 2024 मध्ये त्यांना भौगोलिक मानांकनही मिळालं. मैफलीत तंबोऱ्याचा सूर लागला की श्रोते गायकाला दाद देतात, भोपळा कोणी निवडला आणि जवारी (तारेला गुंजन देणारी घोडीची घासणी) कोणी काढली हे विचारत नाहीत. पण गायकाला ते माहीत असतं, आणि तो त्याच कारागिराकडे परत येतो.

मी तुम्हाला गोड चित्र मात्र दाखवणार नाही. हॉपकिन्सला मिळायची ती रेकॉर्डिंगच्या दर बैठकीची ठरलेली फी. ज्या सुरावटीवरून लोक गाणं ओळखत, ती कधी कधी त्याच्या बोटांतून आलेली असायची, पण संगीतकार म्हणून नाव दुसऱ्याचं, म्हणून रॉयल्टीही दुसऱ्याची. प्रकृतीने साथ दिली नाही, दारू आणि अमली पदार्थांतही काही वर्षं गेली. स्टोन्सचीच आणखी एक गोष्ट आहे. इयन स्टुअर्ट त्या बँडच्या स्थापनेपासूनचा पियानोवादक. 1963 मध्ये व्यवस्थापकाला तो दिसायला बँडला शोभेल असा वाटला नाही आणि सहा जण जास्त वाटले, म्हणून त्याला अधिकृत सदस्यांतून काढलं. तो गेला नाही. सामानाची व्यवस्था बघत आणि पियानो वाजवत 1985 मध्ये मरेपर्यंत बँडबरोबर राहिला. ज्याला टाळ्या हव्याच आहेत, त्याला हे सोसणार नाही. तुमच्या मुलाला टाळ्या हव्यात की काम, हे त्याला विचारा. शांतपणे, आणि उत्तर ऐकायची तयारी ठेवून.

आपल्याकडेही ही परंपरा मोठी आहे. गोव्यातल्या चर्चच्या शाळांत मुलांना स्टाफ नोटेशन (पाच रेघांवरची पाश्चात्त्य स्वरलिपी) शिकवत, म्हणून मुंबईच्या चित्रपटसंगीतात गोव्याचे वादक आणि अरेंजर (कोणतं वाद्य कुठे काय वाजवेल ते लिहिणारे) एवढ्या संख्येने आले. समोर कागद ठेवला की ते वाजवू शकत. केरसी लॉर्ड यांच्यासारख्या पारशी वादकाने अकॉर्डियन वाजवता वाजवता मूग सिंथेसायझर (विजेवर हवे ते आवाज तयार करणारं वाद्य) हिंदी चित्रपटांत आणला. मग याच सिंथेसायझरने व्हायोलिनवाल्यांच्या रांगाच्या रांगा घरी बसवल्या. आज एक की-बोर्डवाला लॅपटॉपवर पूर्ण स्ट्रिंग सेक्शन उभा करतो, आणि उद्या त्याचंही काही काम यंत्र करेल. म्हणजे फक्त वाजवता येणं पुरणार नाही. रेकॉर्डिंगचं सॉफ्टवेअर, प्रोग्रामिंग, अरेंजमेंट हे यायलाच हवं. उत्पन्न तुकड्या-तुकड्यांनी येतं: जिंगल, मालिकेचं पार्श्वसंगीत, लाइव्ह शो, ऑर्केस्ट्रा, शिकवण्या. चार महिने श्वास घ्यायला वेळ नाही, मग दोन महिने फोन नाही. पैसे उशिरा येतात. आरोग्यविमा स्वतःचा स्वतः काढावा लागतो, आणि तो पहिल्या कमाईतूनच काढावा. हात आणि कान यांवर पोट आहे. ड्रमशेजारी उभं राहायचं तर इअरप्लग हवेतच.

लेखी गोष्टींबद्दल मुलाला आताच सांगा. 2012 च्या दुरुस्तीनंतर आपल्या कॉपीराइट कायद्यात कलाकाराला त्याच्या सादरीकरणाच्या व्यावसायिक वापरासाठी रॉयल्टीचा हक्क आहे. पण चित्रपटात ज्याचा सहभाग प्रासंगिक ठरतो आणि प्रथेप्रमाणे ज्याचं नाव श्रेयनामावलीत येत नाही, त्याला एखादी बाब वगळता कायदा ‘कलाकार’ धरत नाही. तेव्हा पडद्यावर नाव येणं ही हौस नाही. नाव कुठे येणार, पैसे किती आणि कधी मिळणार, हे वाजवण्याआधी कागदावर घ्यायचं. नवी मुलं संकोचतात, आणि तिथेच फसतात.

परीक्षांबद्दल एवढंच: लंडनच्या ट्रिनिटी कॉलेजच्या संगीताच्या ग्रेड परीक्षा द्याव्यात, आठवी ग्रेड झाली की वाचनाचा पाया पक्का होतो; चेन्नईचं केएम म्युझिक कॉन्झर्व्हेटरी आणि मुंबईतल्या खासगी संस्था आहेत, पण तिथल्या फीचा विचार वर्षभरानंतर.

कारण तुमच्या मुलात हे आहे का, हे मला माहीत नाही, आणि साहेब, तुम्हालाही नाही. ते कळायचं एकमेव साधन तुम्ही कोल्हापूरला ठेवलं आहे. त्याला सहा महिने द्या. ट्रान्सपोजचं (आपोआप पट्टी बदलणारं) बटण न दाबता एकच गाणं पाच वेगवेगळ्या पट्ट्यांत वाजवता येतं का? न ऐकलेल्या गाण्याचे कॉर्ड दोनदा ऐकून लिहून काढता येतात का? क्लिक ट्रॅकवर (हेडफोनमधल्या लयीच्या टकटकीवर) चार मिनिटं लय न सोडता? ऑर्गनचा आवाज लावल्यावर तो पियानोसारखाच ठोकतो, की हात बदलतो? सांगलीत, कोल्हापुरात एखादा जुना ऑर्केस्ट्रावाला गाठून त्याच्यासमोर वाजवू दे. तुमच्या-माझ्यापेक्षा त्याचं मत मोलाचं. गणपतीत चार कार्यक्रम पैसे घेऊन वाजवू दे. वेळेवर पोचणं, वायरी गुंडाळणं, रात्री दोनला टेम्पोत सामान चढवणं हेही त्याला आवडतंय का, ते तिथे समजेल.

ड्रॉप घेऊ नका, हे माझं स्पष्ट मत. ज्या परीक्षेत मुलाचं मन नाही, तिच्यासाठी आणखी एक वर्ष खोलीत बंद करून पर्सेंटाइल वाढतीलच असं नाही, आणि घरातला अबोला मात्र वाढेल. याच वर्षी पदवीला प्रवेश घ्या. शक्यतो पुण्यात, कारण तिथे स्टुडिओ आहेत, नाटकांची कामं आहेत, वाजवणारी मुलं आहेत. शाखा त्याला निवडू द्या. इंजिनीअरिंगच हवं असेल तर इलेक्ट्रॉनिक्सचा त्याला साउंडच्या कामात उपयोग होईल. नको असेल तर बीए, बीकॉम करत रियाज करणारे पुष्कळ आहेत. पदवी होईपर्यंत खर्च तुम्ही करा, वाद्याचा खर्च त्याला कमावू द्या. हा व्यवहार दोघांनी बसून ठरवा आणि तो दोघांनीही पाळा.

पुढचं पत्र मुलाने लिहावं, तुम्ही न वाचता पाठवावं. सोबत त्याच्या वादनाचं एक रेकॉर्डिंग हवं: बँडबरोबरचं नको, एकट्याचं, एका टेकमध्ये, कुठेही न कापलेलं. एखाद्या अनुभवी वादकाला ऐकवून त्याचं मत मी त्याला कळवीन, ते कडू असलं तरी.