तो व्हिडिओ बघितल्यापासून मुलगा झोपत नाही

'मॅडम, मोबाईल काढून घेतला तरी याची भीती जात नाहीये, काय करू?' असं विचारणारे पालक माझ्याकडे बरेच येतात, म्हणून एक केस सांगते, ओळख पटेल असं सगळं बदललंय.

विक्रोळीचा आठवीतला मुलगा. मित्राने यूट्यूबवरचा एक व्हिडिओ दाखवला, नाव काय तर टीएमपी आणि पुढे अक्षरांची खिचडी, आत लाल-निळे चौकोन आणि टूंऽऽ आवाज, बस. नंतर मित्र म्हणाला, ज्याने बघितला त्याच्या घरातलं कोणीतरी जातं. आई फोर्टला कामाला, तर हा रोज संध्याकाळी कुर्ला आलं का, घाटकोपर आलं का करत फोनवर फोन, रेंज गेली की रडायलाच लागायचा. बाबांनी 'एवढा घोडा झालास' म्हणून झापलं, आजीने दृष्ट काढली, तिने मायेनेच केलं पण त्यामुळे याची खात्रीच पटली की काहीतरी आहे.

'असं काही नसतं' हे घरी सगळ्यांनी सांगून झालेलं, म्हणून मी म्हटलं, चल, हा बनवला कोणी ते शोधू. तो निघाला वेबड्रायव्हर टॉर्सो चॅनलचा, 2013 सालचा, असले 11 सेकंदांचे हजारो व्हिडिओ, लोकांनी हेरगिरी, परग्रहवासी काय काय तर्क लढवले आणि 2014 मध्ये गूगलनेच सांगितलं की यूट्यूबची व्हिडिओ क्वालिटी तपासायला ते आम्हीच टाकतो. टीएमपी हे तर कॉम्प्युटर तात्पुरत्या फाईलला आपोआप लावतो. मग तोच विचारायला लागला, मॅडम, आणि मोमो, ती मोबाईलवर फिरणारी मोठ्या डोळ्यांची भीतीदायक बाई? म्हटलं, ते तर जपानच्या केसुके आइसोंनी 2016 मध्ये केलेलं शिल्प, सडलं म्हणून त्यांनी 2018 मध्ये फेकूनही दिलं. हे ऐकून पहिल्यांदा हसला.

पण माहितीने अर्धंच काम होतं. आई 'पोचतेय रे' म्हणाली की दोन मिनिटं बरं वाटायचं आणि मनात पक्कं व्हायचं की मी फोन केला म्हणून आई वाचली. म्हणून ठरवलं, ट्रेनमध्ये चढताना आईनेच एक फोन करायचा, मधले सगळे बंद. सुरुवातीला फार जड गेलं, दोघांनाही. तो व्हिडिओ आम्ही भर दुपारी, आवाज चालू ठेवून परत परत बघितला, शेवटी म्हणाला, मॅडम, बोअर आहे हे.

तुमच्याकडे असं असेल तर रात्री नको, दिवसा शेजारी बसून विचारा, काय बघितलंस, कोणी काय सांगितलं. आणि मूल स्वतःला इजा करायचं बोलत असेल किंवा कोणी ऑनलाइन धमकावत असेल तर थांबू नका, टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 किंवा मुलांसाठीच्या चाइल्डलाइनचा 1098 लगेच लावा.