घाटातला चहा आणि न लागणारी गाडी

वाचकांचे प्रश्न, गॅरेजवाल्याची उत्तरं

प्रश्न : काका, आमची २०१४ सालची पेट्रोल हॅचबॅक आहे, साध्या गिअरची. २०२२ मध्ये इथे चिपळुणातच सेकंडहँड घेतली. मी हायस्कुलात विज्ञान शिकवते. माहेर कराडचं, त्यामुळे महिन्यातून एकदा तरी कुंभार्ली घाट होतो. सकाळी गाडी अर्ध्या सेल्फात लागते. घाट चढून हेळवाकला चहाला थांबलो की पंधरा मिनिटांनी मात्र लागत नाही. आठ-दहा सेकंद सेल्फ मारावा लागतो, मग थरथरत लागते आणि चेक इंजिनचा दिवा पेटतो. चालता चालता कधीच बंद पडलेली नाही. गॅरेजमध्ये स्कॅनर लावला, पी०३४० कोड आला. ‘कॅमशाफ्ट पोझिशन सेन्सर गेलाय’ म्हणून नवीन बसवून अठराशे रुपये घेतले. बावीस दिवसांत पुन्हा तेच. आता म्हणतात, ईसीएमच (इंजिनचा कॉम्प्युटर) गेला असेल, पंधरा-वीस हजार धरून चाला. हे घरी तपासता येईल का? शाळेच्या प्रयोगशाळेत मल्टिमीटर आहे.
— एक शिक्षिका, चिपळूण

उत्तर : ताई, येईल. आणि ईसीएमचे पंधरा हजार तूर्त कपाटात राहू द्या.

गाडीचं नाव तुम्ही लिहिलं होतं, ते मी मुद्दाम छापलेलं नाही. हे दुखणं कुठल्याही कंपनीच्या गाडीला होतं.

तुमचं पत्र मला एका वाक्यासाठी आवडलं : ‘चालता चालता कधीच बंद पडलेली नाही.’ बहुतेक लोक हे सांगतच नाहीत, मीच खोदून विचारतो. त्याचं कारण सांगतो. चार स्ट्रोकच्या इंजिनात क्रँक (पिस्टनला जोडलेला दांडा) दोनदा फिरतो तेव्हा कॅम (व्हॉल्व्ह उघडणारा दांडा) एकदा फिरतो. क्रँकचा सेन्सर ईसीएमला सांगतो की पहिला पिस्टन वर आला. पण तो कॉम्प्रेशनला वर आलाय की धूर बाहेर टाकायला, हे त्याला सांगता येत नाही. भिंतीवरच्या घड्याळात सहा वाजलेले दिसावेत, पण सकाळचे की संध्याकाळचे ते कळू नये, तसं. सकाळ की संध्याकाळ हे सांगतो तो कॅमचा सेन्सर. एकदा इंजिन लागलं की बऱ्याच पेट्रोल गाड्यांचा ईसीएम ते ध्यानात ठेवतो आणि मध्येच हा सेन्सर मुका झाला तरी गाडी ओढत राहतो. बंद करून पुन्हा लावायला गेलात की मात्र अंदाजाने सुरुवात करावी लागते. म्हणून सेल्फ लांबतो. क्रँकचा सेन्सर गेला असता तर गाडी घाटातच उभी राहिली असती.

आता चहा. गाडी चालत असते तेव्हा बॉनेटखाली वारा असतो, पंखा असतो, पाणी फिरत असतं. बंद केली की हे सगळं थांबतं आणि इंजिनची धग आहे तिथेच कोंडते. पहिली पंधरा-वीस मिनिटं हेडजवळचे (इंजिनच्या माथ्याजवळचे) भाग चालत्या गाडीपेक्षा जास्त तापतात. अर्धमेला सेन्सर किंवा अर्धवट जोड नेमका तेव्हा दगा देतो. चहा न पिता पुढे गेलात तर कदाचित कराडपर्यंत काहीच कळणार नाही.

आणि पी०३४० म्हणजे ‘सेन्सर गेला’ नव्हे. पी०३४० म्हणजे ‘या वाटेने बातमी येत नाही’, इतकंच. वाटेत सेन्सर आहे, कपलर (वायरी जोडणारा प्लग) आहे, तीन वायरी आहेत, त्या वायरी खाणारा उंदीर आहे आणि शेवटी ईसीएम आहे. कोड वाचून थेट पार्ट बदलणं म्हणजे ताप आला म्हणून टॉन्सिल काढणं. कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरात पस्तीस वर्षं गॅरेज चालवलं, सुरुवातीला मीही हेच करत होतो. गिऱ्हाईक परत आलं की मान खाली जायची.

तुमच्या गाडीचा सेन्सर हेडच्या मागच्या टोकाला, एअर फिल्टरच्या नळीखाली सापडेल. बोटाएवढा काळा तुकडा, एक बोल्ट, तीन वायरींचा कपलर. तीन वायरी म्हणजे हा हॉल सेन्सर. एडविन हॉलने १८७९ मध्ये दाखवलेला परिणाम (चुंबकाजवळ वाहत्या करंटला आडवं व्होल्टेज येतं तो) तुम्ही पुस्तकात वाचला असेलच, तो इथे रोज ड्यूटीवर असतो. याचा रेझिस्टन्स ओमवर मोजत बसू नका. आत इलेक्ट्रॉनिक्स आहे, त्या आकड्याला अर्थ नाही. दोन वायरींच्या जुन्या चुंबकी सेन्सरला ती तपासणी चालते, याला नाही.

मीटर डीसी व्होल्टवर ठेवा. पहिल्यांदा कपलर काढून, चावी ऑन करून (सेल्फ नको) वायरिंगच्या बाजूला बघा. एका पिनवर ५ किंवा १२ व्होल्ट सप्लाय, एकीवर अर्थ (अर्थिंग), आणि सिग्नलच्या पिनवरही साधारण ५ व्होल्ट. हे शेवटचे ५ ईसीएमने स्वतः दिलेले असतात, सेन्सर फक्त ते खाली ओढतो नि सोडतो. ते ५ दिसले तर ईसीएमचा तो भाग जिवंत आहे, म्हणजे पंधरा हजारांची गोष्ट तिथेच संपली.

पण एवढ्यावर थांबू नका, इथेच माणूस फसतो. कपलर काढलेला असताना करंट वाहत नाही, त्यामुळे कुजकी वायरही छान ५ दाखवते. कपलर परत जोडा, मागच्या रबरी सीलच्या बाजूने वायरीला लागून बारीक टाचणी आत सरकवा (इन्सुलेशन भोसकू नका, पावसाळ्यात तिथूनच पाणी शिरतं) आणि सेन्सर जोडलेला असताना, चावी ऑन ठेवून, अर्थची पिन आणि बॅटरीची निगेटिव्ह यांतला व्होल्टचा फरक मोजा. ०.१ व्होल्टच्या आत हवं.

एक प्रश्न माझा. २२ जुलै २०२१ ला तुमची गाडी कुठे उभी होती? वाशिष्ठीच्या पुरानंतर तुमच्या गावातल्या कितीतरी गाड्या धुऊन-पुसून विकल्या गेल्या. सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढून बघा, गुंडाळीतल्या शेवटच्या वितीवर मातकट रेघ आहे का.

त्याच ताईंचं दुसरं पत्र : काका, सीटबेल्टवर रेघ आहे. यांना दाखवली, ते अजून बोलत नाहीयेत. मोजमापं अशी : कपलर काढून सप्लाय ५.०२, सिग्नल ४.९८. कपलर जोडून अर्थची पिन ते बॅटरी निगेटिव्ह ०.८९ व्होल्ट. तीनदा मोजलं. कपलरच्या आत एका पिनवर हिरवट बुरशीसारखं काहीतरी आहे.

उत्तर : ती बुरशी नव्हे, तांब्याचा गंज. २०१९ च्या पंचगंगेच्या पुरानंतर आमच्याकडे अशा गाड्या रांगेने उभ्या होत्या. पाणी उतरतं, सीट वाळतात, इंजिन लागतं आणि दीड-दोन वर्षांनी कपलर एकेक करून बोलायला लागतात.

०.८९ चा अर्थ असा : सेन्सर म्हणतो ‘शून्य’, पण त्याचं शून्यच जमिनीपासून ०.८९ वर आहे. पिन तापून आणखी सैल झाली की ईसीएमला ते शून्य वाटेनासं होतं.

बॅटरीची निगेटिव्ह काढा. कॉन्टॅक्ट क्लीनरचा स्प्रे मारा, जुना मऊ टूथब्रश चालतो, सॅंडपेपर नको, पिनेवरचा मुलामा जातो. बायकी पिन (जिच्यात दुसरी पिन शिरते ती) पसरली असेल तर सुईच्या टोकाने किंचित आवळा. वाळू द्या, जोडा, पुन्हा मोजा. आणि गॅरेजवाल्यांनी काढलेला जुना सेन्सर परत दिला होता का, तेवढं कळवा.

तिसरं पत्र : आता ०.०३ व्होल्ट. महिनाभर गाडी उत्तम. मात्र ऑक्टोबरच्या उन्हात हेळवाकला पुन्हा तोच प्रकार. जुना सेन्सर डिकीत आहे, मीच मागून घेतला होता.

उत्तर : मी मनात म्हणत होतो की वायरिंगवर भागेल. अर्धाच बरोबर निघालो.

जुना पार्ट मागून घेणाऱ्या गिऱ्हाइकाला मेकॅनिक वचकून असतो, फार छान केलंत. आता दोन्ही सेन्सर समोरासमोर बसवू. गाडीतला सेन्सर बोल्ट काढून बाहेर घ्या, पण कपलर जोडलेला राहू द्या. चावी ऑन, मीटर सिग्नलच्या वायरीवर. सेन्सरच्या नाकासमोरून लोखंडी पाना दोन-तीन मिलिमीटरवरून फिरवा. आकडा ५ वरून शून्याकडे पडला पाहिजे आणि पाना काढला की परत ५ (काही सेन्सरांत हे उलटं असतं, बदल होणं महत्त्वाचं). मग घरचा हेअर ड्रायर घ्या, सेन्सरला पाच मिनिटं गरम वारा द्या, हात लावून चटका बसेल इतका. पुन्हा पाना फिरवा. हेळवाकचा चहा तुम्हाला अंगणातच करता येईल.

*(ताईंनी फोनवर कळवलं : अठराशेचा नवीन सेन्सर थंड असताना ठणठणीत, तापल्यावर ५ वरच अडकतो. जुना, दहा वर्षांचा, दोन्ही वेळा शून्यावर येतो.)*

म्हणजे पहिल्या दिवशी दोषी होती ती पिन. निर्दोष सेन्सर काढून त्या जागी डुप्लिकेट आला आणि एकाचे दोन फॉल्ट झाले. जुनाच परत बसवा, पैसे लागणार नाहीत.

बसवताना हे सांभाळा. इंजिन पूर्ण थंड हवं. बॅटरीची निगेटिव्ह आधी काढा. कपलरची लॉकची जीभ दाबूनच ओढा, वायरी धरून नाही. दहा वर्षांत प्लॅस्टिक पापडासारखं झालेलं असतं. बोल्ट दहा नंबरच्या गोटी पान्याने निघतो. सेन्सर चिकटला असेल तर डावी-उजवीकडे हलकेच पिळत वर घ्या, स्क्रूड्रायव्हरने उचकटलात तर नाक तुटून आत राहील आणि मग टॅपेट कव्हर उघडायची वेळ येईल. भोकाभोवतीची माती आधी पुसा, ती आत पडली तर थेट ऑइलमध्ये जाते. ओ-रिंग (सेन्सरवरची रबरी रिंग) नवीन घ्या, जुनी दबून चपटी झालेली असते, तिथून ऑइल झिरपत कपलरमध्ये शिरतं. रिंगेला बोटाने इंजिन ऑइल लावा. सेन्सर हाताने पूर्ण टेकला पाहिजे. बोल्ट आवळून त्याला खाली ओढू नका, सेन्सरचा बोल्टाचा कान फुटतो. बोल्ट सहा मिलिमीटरचा, हेड ॲल्युमिनियमचं, दहा न्यूटन-मीटरच्या आसपास पुरे. टॉर्क पाना नसेल तर रॅचेट मानेजवळ धरा, म्हणजे जोर आपोआप कमी लागतो. आटे गेले तर अर्ध्या तासाच्या कामाचा आठवडा होतो.

शेवटी कोड पुसा. ब्लूटूथचा ओबीडी डोंगल घेतलात तर फोनवरच वाचता-पुसता येतो. पोर्ट स्टिअरिंगखाली, सोळा पिनांचा. पुढचा घाट होईपर्यंत तो गाडीत राहू द्या.

प्रश्न : स्कॅनरवर पी००१६ आला. कॅम सेन्सर ऑनलाइन मागवू का? — एक वाचक, नाशिक

उत्तर : थांबा. पी००१६ म्हणजे कॅम आणि क्रँक दोघेही बोलताहेत, पण त्यांचं एकमेकांशी पटत नाही. सकाळी पहिल्या सेल्फला हेडच्या पुढच्या बाजूने खडखड ऐकू येते का? येत असेल तर टायमिंग चेन लांबलेली असू शकते. ऑइल किती हजार किलोमीटरला बदलता तेही लिहा. ऑइल कमी असेल किंवा गाळ झालं असेल तरी हाच कोड येतो, कारण व्हीव्हीटी (व्हॉल्व्ह उघडण्याची वेळ मागेपुढे करणारी यंत्रणा) ऑइलच्या दाबावर चालते. हे अंगणातलं काम नाही. टायमिंग चुकून व्हॉल्व्ह पिस्टनला लागले तर हेड उतरावं लागेल.

प्रश्न : माझी डिझेल गाडी पी०३४० कोडवर अजिबात लागत नाही. पेट्रोलवाल्यांची कशी लागते? — एक शेतकरी, करमाळा

उत्तर : प्रत्येक कंपनीचा ईसीएम वेगळं शहाणपण घेऊन येतो. कॉमन रेल (एकाच दाबाच्या नळीतून सगळ्या इंजेक्टरना इंधन देणाऱ्या) डिझेलमध्ये चुकीच्या स्ट्रोकला फवारा गेला तर धोका मोठा, म्हणून काही गाड्या सरळ नकार देतात. तपासणी वर ताईंना सांगितली तीच. मात्र रेलच्या पाइपांना आणि इंजेक्टरच्या नटांना हात लावू नका. तिथला दाब हजार बारच्या वर जातो, कातडी फाडून डिझेल आत शिरतं. गाडी गोठ्याजवळ उभी असते असं तुम्हीच लिहिलंय, तेव्हा आधी वायरिंग उंदराने खाल्लंय का ते बघा.

प्रश्न : माझ्या बीएस-६ बाइकला कॅम सेन्सर सापडतच नाही. हरवला की काय? — एक विद्यार्थी, लातूर

उत्तर : हरवला नाही, बहुधा बसवलेलाच नाही. एक सिलिंडरच्या बऱ्याच इंजेक्शनच्या बाइकमध्ये इन्टेकमधला (हवा आत नेणाऱ्या नळीतला) दाब बघूनच ईसीएम स्ट्रोक ओळखतो. हवा ओढताना तिथला दाब कमी होतो, तेवढ्यावरून त्याला सकाळ-संध्याकाळ कळते. सेन्सर शोधायला टाकी उतरवली असशील, तर ती आता परत बसव.