थोरली पांढर

युक्रेनमधल्या ताल्यांकी, मायदानेत्स्के, नेबेलिव्का या सहा हजार वर्षांपूर्वीच्या अवाढव्य वस्त्यांना अभ्यासक 'मेगासाइट' म्हणतात. मराठीत 'महानगर' म्हणावे की 'महावसाहत', असा प्रश्न आहे.

दोन्ही नको. वसाहत एक तर इंग्रजांची, नाहीतर औद्योगिक. आणि 'प्रागैतिहासिक महानगर' ऐकून कान किटले! ताल्यांकी तीनशे हेक्टरांहून मोठे, घरे एकात एक वर्तुळांत, मधोमध मोकळे रान. राजवाडा नाही, राजाचे थडगे नाही. लोक तिथे बारमाही राहत की हंगामापुरते जमत, यावरच पंडितांची जुंपली आहे. 'महानगर' म्हणणारा तो वाद न वाचताच निकाल देऊन मोकळा होतो.

आपल्याकडे शब्द आहे : पांढर, किंवा पांढरी. कसायची ती काळी, राहायची ती पांढरी. पिढ्यान्‌पिढ्या चुलीची राख, शेण, हाडे, पडक्या भिंतींची माती साचून जमिनीचा रंगच पालटतो. दख्खनमधली ताम्रपाषाणयुगीन गावे शोधताना हीच पांढरीची टेकाडे उपयोगी पडली. प्रवरेकाठचे दायमाबाद त्यातलेच. जोर्वे काळातली (त्याच ताम्रपाषाणयुगातला एक टप्पा) बहुतेक खेडी दोन-चार हेक्टरांची आणि हे वीसच्या वर. म्हणजे कोडे आपल्या दारातही आहे. घराच्या धाब्यावर, म्हणजे मातीच्या सपाट छतावर घालायला लोक हीच माती खणून नेतात, त्यात किती टेकाडे गेली ते विचारू नका.

आता 'पांढरपेशा'. शुभ्र कपड्यांवरून आला म्हणे! कोशकारांना परटाची घडी तेवढी दिसली. माझ्या मते हा पेशा पांढरीतला : काळीत न राबता गावठाणात बसून करायचा. जोशी, कुलकर्णी, सोनार यांचे धोतर मळके असले म्हणून ते पांढरपेशे उरत नव्हते काय? 'काळी-पांढरी' ही जोडी गावगाड्यात मुरलेली असताना कपड्यांपर्यंत धावायचे कारण काय, ते कुणीतरी सांगावे. पुराव्यादाखल जुना कागद मागणाऱ्यांना उलट विचारतो : कपड्यांचा कागद तुम्ही पाहिलात? (पंढरपूर मात्र या यादीत घुसडू नये. त्याचे 'पंडरगे' हे जुने कानडी नाव शिलालेखांत आहे.)

हां, युक्रेन. तिथली शेतजमीन जगप्रसिद्ध काळी, 'चेर्नोझेम'. त्या शब्दाचा अर्थही काळी मातीच. घरे मात्र कुडाची, मातीने लिंपलेली, आणि बहुतेक जळालेली. त्यामुळे नांगराला लागते ती भाजलेली लाल माती. तिथली पांढर लाल आहे, एवढाच फरक. रंगासाठी अडून बसू नका, कपड्यांच्या बाबतीत तेच तर चुकले. 'थोरली पांढर' म्हणा. हंगामी जत्रेने पांढर धरत नाही, असा आक्षेप कुणी घेतला तर उत्तम. महानगरवाल्यांना तेवढेही सुचले नव्हते.