साखर कारखान्याच्या डिस्टिलरीचा सीओटू (कार्बन डायऑक्साइड) सातारा-सांगलीच्या खडकात गाडता येईल का? आणि त्याचं 'मॉडेल करतात' म्हणजे नेमकं काय करतात?

तुम्ही लिहिलंय की मुलाने इंजिनिअरिंगच्या शेवटच्या वर्षाला हा विषय प्रोजेक्टला घेतलाय, गाव कराडजवळ आहे, आणि तुमची शंका अशी की गॅस जमिनीत सोडला तर उद्या तो आपल्याच विहिरीतून वर येणार नाही कशावरून. मी पुण्यात रिझर्व्हॉयर सिम्युलेशनचं, म्हणजे जमिनीखालच्या दगडात पाणी-गॅस कसे सरकतील ते कॉम्प्युटरवर काढण्याचं काम करतो, मूळचा हरिपूरचा, सांगली. उत्तर जरा लांबेल, सांभाळून घ्या.

आधी डोक्यातलं चित्र नीट करू. जमिनीत साठवण म्हटलं की आमच्या हरिपूरच्या माणसाला पेव आठवतं. हळदीचं. वरून एक माणूस जाईल एवढंच तोंड, खाली वीस-पंचवीस फूट पोट, आत पाचट-चटया लावून हळद भरायची आणि तोंड मातीने लिंपून टाकायचं, वर्षानुवर्षं माल टिकायचा कारण तिथली मातीच तशी. आजोबा सांगायचे की पेव फोडल्या फोडल्या कुणी आत उतरायचं नाही, दोन-तीन तास उघडं ठेवायचं, मग कंदील सोडून बघायचा, विझला तर अजून थांबायचं. आत प्राणवायू संपलेला असतो आणि साचलेला सीओटू तळाला बसलेला असतो. म्हणजे सीओटू जड असतो आणि खड्ड्यात साचतो हे आमच्याकडे शाळेआधीच शिकवतात :)

पण सीओटूची भूगर्भातली साठवण पेवासारखी नसते, तिथे पोकळी नसतेच. गॅस जातो तो वाळूच्या दगडाच्या कणांमधल्या बारीक फटींत, जिथे आधीपासून खारं पाणी भरलेलं असतं. पेवाशी साम्य एकच, वर लिंपण लागतं, म्हणजे चिखलाच्या दगडाचा एक घट्ट थर. आणि खोली लागते. पाण्यात दर १० मीटरला साधारण १ बार दाब वाढतो, सीओटूला ७४ बार आणि ३१ डिग्रीच्या वर नेलं की तो ना गॅस राहतो ना द्रव, मधलंच काहीतरी होतं, वाहतो गॅससारखा पण वजन द्रवाच्या जवळपास. म्हणून ८०० मीटरच्या खाली जायचं असतं, जमिनीवर एक टन सीओटूला पाचशेच्या वर घनमीटर जागा लागते, तिथे खाली दोन-तीनमध्ये भागतं.

आता तो वर येतो का? येऊ बघतो, कारण एवढा दाबला तरी खाऱ्या पाण्यापेक्षा हलकाच असतो. त्याला धरून ठेवणाऱ्या गोष्टी मात्र एकाहून जास्त आहेत. पहिलं ते वरचं झाकण. दुसरं म्हणजे पंपिंग थांबल्यावर पाणी परत फटींत शिरतं आणि सीओटूचे तुकडे तुटून बुडबुडे जागच्या जागी अडकतात, तेलाचा हात नुसत्या पाण्याने धुतला तर तेल कसं पूर्ण निघत नाही तसं. तिसरं, हळूहळू तो पाण्यात विरघळतो, आणि गंमत अशी की असं 'सोडा' झालेलं पाणी साध्या खाऱ्या पाण्यापेक्षा एखादा टक्का जड होतं आणि बोटं-बोटं करत खाली बुडायला लागतं, म्हणजे आता तो वर यायच्या ऐवजी खाली चाललाय. पण याला शेकडो-हजारो वर्षं लागतात. चौथं, दगडाशी रिॲक्शन होऊन त्याचाच दगड होतो.

नॉर्वेच्या समुद्रात स्लाइपनर म्हणून गॅस फील्ड आहे, तिथे १९९६ पासून वर्षाला साधारण दहा लाख टनांच्या आसपास सीओटू असाच खाली सोडला गेला (नॉर्वेने १९९१ ला कार्बनवर टॅक्स लावला होता, फुकटात कुणी केलं नाही). मला मॉडेलिंगची किंमत कळली ती तिथल्याच चित्रांवरून. १९९९ च्या सिस्मिक सर्व्हेत (लहरी खाली सोडून त्यांच्या प्रतिध्वनीवरून काढलेलं जमिनीचं चित्र) दिसलं की तीनच वर्षांत सीओटू झाकणापर्यंत पोचलाय आणि वाटेत नऊ थरांमध्ये चपात्यांसारखा पसरलाय, कारण वाळूच्या दगडात मधेमधे चिखलाचे एक-दोन मीटरचे पातळ पापुद्रे होते. झाकणाने दगा दिला नाही. पण तो पापुद्र्यांतून इतक्या सहज वर कसा सरकला यावर लोक नंतर वर्षानुवर्षं मॉडेलं जुळवत बसले.

तर मॉडेल म्हणजे काय. जमिनीचे लाखो डबे पाडायचे, आडवे पन्नास-शंभर मीटर, उभे दोन-पाच मीटर, प्रत्येक डब्याला सांगायचं की तुझ्यात फटी किती, त्या एकमेकींना किती जोडलेल्या, पाणी किती, दाब किती. मग शेजारच्या डब्यात किती जाईल ते डार्सीच्या नियमाने काढायचं (१८५६ चा नियम, वाळूच्या फिल्टरवर प्रयोग करून काढलेला, आजही तोच चालतो), एक पाऊल पुढं, परत सगळं गणित, असं हजार वर्षांपर्यंत. कॉम्प्युटर ते निमूट करतो. खरी अडचण डब्यात भरायच्या आकड्यांची असते. बोअरमधून निघालेला कोअर, म्हणजे दगडाचा दांडा, मनगटाएवढा जाड, आणि त्यावरून तुम्ही दहा किलोमीटर परिसराबद्दल बोलणार. म्हणून शहाणा माणूस एक मॉडेल चालवत नाही, शंभर-दोनशे चालवतो, प्रत्येकात थोडं बदलून, आणि मग 'एवढ्या ते एवढ्या' असं उत्तर देतो. एकच आकडा छातीठोकपणे सांगणारा भेटला तर जरा सांभाळून. हल्ली कार्बन क्रेडिटवाल्यांचं पेव फुटलंय त्यात असे बरेच भेटतात.

माझा स्वतःचा पोपट सांगतो. एमटेकला पहिलं मॉडेल केलं, दोन महिने घासून, आणि रिझल्ट असा की तिसऱ्याच वर्षी दाब इतका चढला की दगड फुटणार, निष्कर्ष लिहून मोकळा, ही जागा निकामी. सरांनी प्लॉट बघितला आणि विचारलं, "तुझ्या जमिनीला चारी बाजूंनी कंपाउंड कुणी घातलं?" मी कडा बंद ठेवल्या होत्या. खरा थर पुढे पन्नास किलोमीटर पसरलेला, पाणी तिकडे सरकायला जागा होती, मी त्याची बाटली करून टाकली. उलटंही होतं बरं का, जिथे खरोखर फॉल्टमुळे (खडकातली सरकलेली मोठी भेग) कप्पे बंद असतात तिथे कडा उघड्या धरल्या की सगळं कागदावर छान छान दिसतं.

आणि हा दाबच आपल्याकडचा कळीचा मुद्दा आहे. कोयनेचं वेगळं सांगायला नको, डिसेंबर १९६७, ६.३ चा भूकंप, पुढे वारणेच्या बाजूलाही धक्के. धरणातल्या पाण्याने खोलवरच्या फटींतला दाब जरासा बदलतो आणि आधीच ताणलेला फॉल्ट सरकतो, असं त्याचं स्पष्टीकरण दिलं जातं. सीओटू पंप केला तरी फटींतला दाबच वाढतो. अल्जेरियात इन सलाह इथे २००४ ते २०११ सीओटू सोडला तेव्हा वरचं वाळवंट वर्षाला काही मिलिमीटर उचललं गेलेलं उपग्रहाला दिसलं, नंतर ते बंद केलं. त्यामुळे कोयना-वारणा पट्ट्यात हा उद्योग करू नये असं माझं स्पष्ट मत आहे, मॉडेल काहीही म्हणो.

त्या पट्ट्याच्या बाहेर? आपल्याकडे वाळूचा दगड नाही, बेसाल्ट आहे, लाव्हा थिजून झालेला काळा दगड. कोयना भागात शास्त्रीय बोअर मारले तेव्हा साधारण एक किलोमीटर बेसाल्ट आणि त्याखाली थेट ग्रॅनाइट लागला, मधे गाळाचा थर नाहीच. म्हणजे नॉर्वेची पद्धत इथे लागू नाही. आइसलँडची लागू होऊ शकते, तिथे २०१२ ला कार्बफिक्स नावाच्या प्रकल्पवाल्यांनी सीओटू पाण्यात विरघळवून बेसाल्टमध्ये सोडला आणि दोन वर्षांच्या आत ९५ टक्क्यांवर दगड होऊन बसला, कारण बेसाल्टमधलं कॅल्शियम-मॅग्नेशियम त्याला धरतं. पाण्यात विरघळल्यामुळे ८०० मीटरची अटही राहत नाही.

पण बघा. एक लिटर इथेनॉलमागे आंबवण्यात साधारण पाऊण किलो सीओटू निघतो, जवळजवळ शुद्ध (बॉयलरच्या धुरात तो दहा-पंधरा टक्केच असतो, वेगळा काढणंच महाग). रोज ६० हजार लिटरची डिस्टिलरी धरली तर ४५ टन. आइसलँडच्या पद्धतीत टनाला पंचवीस टन पाणी, म्हणजे रोज अकरा लाख लिटर. हे माण-खटाव किंवा जतमध्ये जाऊन सांगा, लोक काय म्हणतील ते मी इथे लिहीत नाही. शिवाय आइसलँडचा बेसाल्ट तरुण, फटी मोकळ्या. आपला साडेसहा कोटी वर्षांचा, विहीर खोदणारे ज्याला मांजऱ्या म्हणतात त्या दगडातली भोकं गारांनी बुजलेली आणि खालचा काळा पाषाण तर पाणीसुद्धा घेत नाही. अमेरिकेत वॉलुला इथे २०१३ ला हजारेक टन पाण्याशिवाय, थेट दाबून बेसाल्टमध्ये सोडले आणि दोन वर्षांनी काढलेल्या कोअरमध्ये कार्बोनेट, म्हणजे सीओटूचा झालेला दगड, सापडलं, त्यामुळे आशा अगदीच नाही असं नाही, पण हजार टन म्हणजे वरच्या डिस्टिलरीचे बावीस-तेवीस दिवस.

विहिरीतून वर येण्याबद्दल. मला खडकापेक्षा भीती माणसाने मारलेल्या बोअरची आणि पाइपची जास्त वाटते. अमेरिकेत इलिनॉयमध्ये इथेनॉल प्लांटचाच सीओटू दोन किलोमीटर खाली सोडतात, तिथे खडक ठीक होता पण देखरेखीसाठी मारलेल्या एका बोअरचं केसिंग (बोअरच्या आत बसवलेला धातूचा पाइप) गंजलं आणि द्रव भलत्या थरात गेला, २०२४ ला ते बाहेर आलं. आणि मिसिसिपीत २०२० ला सीओटूची पाइपलाइन फुटली, गाड्यांची इंजिनं बंद पडली, पंचेचाळीस जणांना दवाखान्यात न्यावं लागलं. त्या गावाचं नाव सटार्शिया. मी पहिल्यांदा वाचताना सातारा वाचलं आणि दचकलो.

मुलाला सांगा एमआरएसटी म्हणून नॉर्वेच्या सिंटेफचं फुकट सॉफ्टवेअर आहे, मॅटलॅबवर चालतं, त्यात सीओटूसाठी वेगळं मोड्यूल आहे. एकदम थ्रीडीत उडी मारू नको म्हणावं, एक उभा काप घे, एक बोअर, आणि फक्त कडा उघडी-बंद करून दाब बघ, प्रोजेक्टला तेवढं पुरतं. कराडला भूविज्ञान मंत्रालयाची बोअरहोल जिओफिजिक्सची लॅब आहे, कोयनेच्या बोअरचं काम तिथूनच चालतं, तिथलं छापून आलेलं वाच आणि सच्छिद्रतेचे आकडे त्यातून घे. आइसलँडचे आकडे कॉपी करू नको. परीक्षकाने विचारलं तर बोलती बंद होते.