कॅमेरा न वापरता चित्रपट कसा बनवतात?

थेट फिल्मच्या पट्टीवर काम करून. प्रायोगिक चित्रपटकार आणि चित्रकार यांच्यातली सीमा इथे जवळजवळ पुसली जाते. पारदर्शक पट्टीवर शाईने रंगवायचं, नाहीतर काळ्या पट्टीवरचा थर सुईने खरवडायचा, म्हणजे त्या रेघेतून प्रकाश येतो. लेन लाय यांनी १९३५ साली 'अ कलर बॉक्स' असाच रंगवून केला.

मला सगळ्यात जवळचं वाटतं ते स्टॅन ब्रॅकेज यांचं १९६३चं 'मॉथलाइट'. पतंगांचे पंख, पाकळ्या, गवताची पाती त्यांनी दोन पारदर्शक चिकटपट्ट्यांमध्ये दाबून बसवली आणि त्यावरून प्रिंट काढली. दिव्याकडे झेपावून मेलेले ते पतंग प्रोजेक्टरच्या प्रकाशात पुन्हा फडफडतात! पाहताना अंगावर काटा येतो.

कष्ट मात्र अफाट. सेकंदाला २४ चौकटी (पट्टीवरची एकेक सुटी चित्रं) धरल्या तर एका मिनिटाला १,४४० चौकटी होतात, म्हणजे १६ मिमी रुंदीची ३६ फूट पट्टी. एकाच चौकटीवरचं चित्र डोळ्याला धड दिसतही नाही. ते ठसायला सलग काही चौकटींवर यावं लागतं. त्यामुळे इथे चित्र काढण्याइतकंच दोन चित्रांमधल्या फरकाचा विचार करावा लागतो. नॉर्मन मॅक्लॅरेन तर पट्टीच्या कडेला, ध्वनिपट्ट्याच्या जागी (जिथून प्रोजेक्टर आवाज वाचतो), खुणा काढून आवाजही निर्माण करत.

करून पाहायचं असेल तर जुनी १६ मिमी पट्टी आणि कायमस्वरूपी शाईचं पेन पुरेसं आहे. थर जाड मात्र देऊ नका, प्रोजेक्टरमध्ये अडकतो.