वाचक विचारतात: बॉलला हात न लावणाऱ्याचं करिअर

प्रश्न: माझा भाचा टेक्सासला हायस्कूलमध्ये आहे. अंगाने दांडगा म्हणून कोचने त्याला अमेरिकन फुटबॉलच्या ऑफेन्सिव्ह लाइनमध्ये गार्ड म्हणून उभं केलंय. मी तिकडे गेले होते तेव्हा दोन मॅच बघितल्या, पोराच्या हातात एकदाही बॉल आला नाही, नुसती ढकलाढकली. बहिणीचा जीव तुटतो. यात पुढे काही करिअर असतं का?
(एक मावशी, ठाणे)

उत्तर: असतं ताई, आणि चांगलं दणदणीत असतं. बॉल घेऊन पुढे सरकणाऱ्या टीमचे अकरा जण, त्यातले पाच लाइनवाले. मधे सेंटर, त्याच्या दोन्ही बाजूंना गार्ड, टोकांना टॅकल. सेंटर पायांमधून बॉल मागे क्वार्टरबॅककडे देतो त्याला स्नॅप म्हणतात, आणि तिथून क्वार्टरबॅकला पास टाकायला जे दोन-तीन सेकंद लागतात तेवढा वेळ समोरून तुटून पडणाऱ्यांना थोपवून धरायचं हे या पाचांचं काम. आणि नियमच असा आहे की नेहमीच्या डावात या पाचांनी पुढे टाकलेला पास झेलायचाच नाही, त्यामुळे तुमच्या भाच्याच्या हातात बॉल आला नाही यात त्याचं काहीही कमी पडलेलं नाही हे बहिणीला आधी सांगा.

मी पण सुरुवातीला बॉलमागेच डोळे फिरवायचो. मग एकाने सांगितलं की स्नॅप झाला की बॉलकडे बघूच नकोस, टोकाच्या टॅकलकडे बघ. एक हात जमिनीला टेकवून वाकलेला तो एवढा मोठा माणूस बॉल हलल्याबरोबर मागच्या मागे, तिरका, छोटी छोटी पावलं टाकत सरकतो, गुडघे वाकलेले, पाठ सरळ, आणि समोरचा अंगावर आला की दोन्ही तळवे बरोब्बर त्याच्या छातीवर. बोटं जरा बाहेर जाऊन जर्सी ओढली गेली की होल्डिंग, दहा यार्ड मागे. स्नॅपच्या आधी नुसता दचकला तरी पाच यार्ड. एकदा हे बघायला लागलं की मॅच वेगळीच दिसते.

करिअर म्हणाल तर मी जो थॉमसचंच नाव घेईन. विस्कॉन्सिनचा पोरगा, तिथल्याच युनिव्हर्सिटीत खेळला, गोळाफेकपण करायचा. एनएफएल ही तिकडची व्यावसायिक लीग, तिच्या टीम दरवर्षी नंबराने कॉलेजचे खेळाडू उचलतात तो ड्राफ्ट. २००७ च्या ड्राफ्टला मोठ्या खेळाडूंना न्यूयॉर्कला बोलावतात, कॅमेरे, सूट-बूट, सगळा थाट, हा गेलाच नाही, वडिलांबरोबर लेक मिशिगनवर बोट घेऊन मासे धरायला गेला आणि तिथेच त्याला कळलं की क्लीव्हलंड ब्राउन्सने तिसऱ्या नंबरला उचललंय. लेफ्ट टॅकल म्हणून घेतला. उजव्या हाताने टाकणारा क्वार्टरबॅक पास टाकायला वळला की त्याची पाठ डावीकडे होते, त्या बाजूने येणारा त्याला दिसत नाही, तेव्हा ती पाठ राखायची जबाबदारी या एका माणसावर.

आणि त्याने ती किती राखावी? पहिल्या मॅचच्या पहिल्या स्नॅपपासून सलग १०,३६३ स्नॅप, एकही न चुकवता! सलग १६७ मॅच. टीम हरत होती, त्याच्या सगळ्या कारकिर्दीत ब्राउन्सचा जिंकलेल्या मॅच जास्त असलेला सीझन एकच, तो पहिलाच २००७ चा, त्यात पण प्लेऑफ हुकला. २०१६ मध्ये सोळापैकी एक मॅच जिंकली, २०१७ मध्ये एकही नाही. सहा हेड कोच झाले, वीस वेगवेगळे क्वार्टरबॅक स्टार्टर म्हणून आले-गेले, डावीकडे हा एकटा तसाच उभा. पहिल्या दहाही सीझनला प्रो बोल म्हणजे लीगमधल्या निवडक खेळाडूंच्या मॅचसाठी निवड झाली. २२ ऑक्टोबर २०१७ ला टेनेसीविरुद्ध डाव्या दंडाचा ट्रायसेप्स फाटला तेव्हा ती मोजणी थांबली, आणि पुढच्या मार्चमध्ये तो रिटायर झाला. २०२३ ला या खेळातल्या थोरांच्या हॉल ऑफ फेममध्ये गेला, तेही नाव पात्र ठरल्याच्या पहिल्याच वर्षी. प्लेऑफची एकही मॅच न खेळलेल्या माणसाला हा मान मिळतो ते बघून मला खरंच भरून आलं होतं.

पैसाही भरपूर, २०११ ला त्याचा सात वर्षांचा करार झाला तो ८ कोटी ४० लाख डॉलरपर्यंतचा होता. पण असे थोडे, हायस्कूलमधून एनएफएलपर्यंत पोचणारे फारच थोडे, तेव्हा भाच्याचा अभ्यास सुटू देऊ नका. कॉलेजची स्कॉलरशिप मिळाली तरी घराला मोठा हातभार लागतो.

प्रश्न: मी तालमीत जातो, मॅट आणि माती दोन्ही. कुस्तीवाला माणूस तिकडे या लाइनमध्ये खेळू शकतो का?
(एक पैलवान, कोल्हापूर)

उत्तर: खेळलाय की. स्टीफन नील. डब्ल्यूडब्ल्यूईवाला ब्रॉक लेस्नर तुला माहिती असेलच, १९९९ च्या अमेरिकन कॉलेज कुस्तीच्या फायनलला नीलने त्याला हरवलं आणि त्याच वर्षी १३० किलो फ्रीस्टाइलमध्ये वर्ल्ड चॅम्पियन झाला. कॉलेजमध्ये फुटबॉल खेळलाच नव्हता, तरी न्यू इंग्लंड पेट्रियट्सने घेतला, गार्ड केला, आणि तीन सुपर बोल, म्हणजे एनएफएलच्या फायनल, जिंकणाऱ्या टीममध्ये तो होता. खाली वाकून उभं राहणं, हाताला हात लढवणं, समोरच्याचा तोल कुठे जातोय ते अंगाला कळणं, हे तालमीतलंच आहे सगळं. फक्त पकड विसरायची. कमरेला मिठी घातलीस की लगेच रेफ्रीचा फाउलचा झेंडा पडतो.

प्रश्न: मुलगा चौदा वर्षांचा, हेच खेळायचं म्हणतो. डोक्याच्या दुखापतींबद्दल वाचून आम्ही दोघं घाबरलोय.
(एक बाबा, एडिसन, न्यू जर्सी)

उत्तर: तुमची भीती उगाच नाही, मी ती घालवायला बसलेलो नाहीये. लाइनवाल्याला प्रत्येक स्नॅपला टक्कर असते, मोठी नसेल पण रोजची असते. जुलै २०१७ मध्ये बोस्टन युनिव्हर्सिटीचा अभ्यास आला, एनएफएल खेळलेल्या १११ जणांचे मेंदू मृत्यूनंतर तपासले, ११० मध्ये सीटीई हा मेंदूचा आजार सापडला. हे मेंदू घरच्यांनी दान दिलेले, बऱ्याच जणांना आधीपासून त्रास होता, म्हणून सगळ्या खेळाडूंना तोच आकडा लावता येत नाही, पण तो हलकाही घेता येत नाही. दोनच दिवसांनी बाल्टिमोर रेव्हन्सचा लाइनमन जॉन उर्शेल २६ व्या वर्षी रिटायर झाला. हा माणूस खेळता खेळता एमआयटीमध्ये गणितात पीएचडी करत होता, २०१५ ला डोक्याला मार बसला तेव्हा काही आठवडे त्याला वरच्या पातळीचं गणितच जमेना. पुढे पीएचडी झाली, आता तिथेच शिकवतो.

हो किंवा नाही तुम्हीच ठरवायचंय, मी इथे बसून सांगणं बरोबर नाही. हो म्हणालात तर कोचला दोन गोष्टी तोंडावर विचारा, आठवड्यात प्रॅक्टिसला प्रत्यक्ष टक्कर किती दिवस, आणि मैदानावर दुखापती बघणारा ट्रेनर कायम असतो का. कन्कशनचा, म्हणजे मार बसून मेंदू हादरल्याचा, संशय आला तर मुलाला खेळातून बाहेर काढायचं आणि डॉक्टरी परवानगीशिवाय परत उतरवायचं नाही असे कायदे अमेरिकेत सगळ्या राज्यांत आहेत. पण पोरं लपवतात हो, जागा जाईल म्हणून. त्या रात्री त्याला उजेड डोळ्यांना टोचतोय का, तेच तेच परत विचारतोय का, ते तुम्हीच बघायचं, आणि तो मी एकदम ओके म्हणाला तरी दुसऱ्या दिवशी डॉक्टरकडे न्यायचं.