देव आहे की नाही, मला फरकच पडत नाही

या वेळी चार पत्रं एकाच विषयावरची घेतलीयत. चौघांची वयं वेगळी, सूर वेगळे, पण गाठ एकच आहे.

प्रश्न: ताई, नमस्कार. मी २९ वर्षांची आहे. आमच्या ग्रुपमध्ये काहीजण एकदम श्रद्धाळू आहेत आणि दोघं-तिघं कट्टर नास्तिक, त्यांची डिबेट सुरू झाली की मला खरंच जांभई येते. देव आहे हे मला पटतही नाही आणि खटकतही नाही, प्रश्नच आतपर्यंत पोचत नाही. इथवर ठीक होतं. पण मागच्या वर्षी बाबा आयसीयूत होते, बाहेर बाकावर सगळे नातेवाईक डोळे मिटून पुटपुटत होते आणि मी काचेतून सलाइनचे थेंब मोजत होते, मिनिटाला किती पडतात ते. मला प्रार्थना सुचलीच नाही. बाबा आता बरे आहेत, पण तेव्हापासून वाटतं की माझ्यात काहीतरी कमी आहे. मी उथळ आहे का?

उत्तर: नाही गं. आधी त्या थेंबांचंच बोलू, कारण पत्रात तेच सगळ्यात जास्त टोचतंय असं दिसतंय. कोणीतरी तुला प्रेमाने सांगेल की अगं तीच तुझी प्रार्थना होती. मी तसं म्हणणार नाही. तू म्हणतेस प्रार्थना नव्हती तर नव्हती, तिला उगाच ते नाव देऊन तुला कुठल्यातरी रांगेत उभं करायची गरज नाही. पण तुझं सगळं लक्ष बाबांच्या नळीवर होतं ना? उथळ माणूस अशा वेळी मोबाइल बघतो.

आता तुझ्या त्या न पोचणाऱ्या प्रश्नाबद्दल. आपण याला उदासीनता म्हणतो आणि तिथेच गडबड होते, कारण उदासीन म्हटलं की आपल्याला उदास ऐकू येतं, म्हणजे कसलाच रस नसलेला, मरगळलेला माणूस. मूळ शब्द तसा नाहीये. उद् अधिक आसीन, म्हणजे जरा बाजूला, वर बसलेला, भांडणात कोणाचीच बाजू न घेणारा. गीतेच्या बाराव्या अध्यायात प्रिय भक्ताची जी लक्षणं दिलीयत त्यात 'उदासीन' आहे, आणि नवव्या अध्यायात तर भगवंत स्वतःबद्दलच म्हणतात की मी त्या कर्मांमध्ये उदासीनासारखा बसलेलो असतो. तिथला संदर्भ आसक्ती नसण्याचा आहे, तुझ्यासारखा प्रश्नच न पडण्याचा नाही, ते मी मिसळत नाहीये. एवढंच सांगायचंय की हा शब्द शिवी नाही.

तुझ्या मित्रांना वाटतंय की दोनच खोल्या आहेत, एकीत आस्तिक आणि दुसरीत नास्तिक. आपल्याकडच्या जुन्या विचारात सुद्धा असं सरळसोट नव्हतं. नास्तिक म्हणजे वेद न मानणारा अशी व्याख्या होती, त्यामुळे सांख्य आणि मीमांसा ही दर्शनं, म्हणजे तत्त्वज्ञानाच्या परंपरा, आस्तिकांत मोजली गेली, आणि गंमत बघ, सांख्यसूत्रांत 'ईश्वरासिद्धेः' म्हणजे ईश्वर सिद्ध होत नाही असं सूत्र आहे, आणि मीमांसकांचं म्हणणं होतं की यज्ञाचं फळ 'अपूर्व' नावाच्या शक्तीमुळे मिळतं, ते वाटायला वर कोणी बसलेला असावाच लागतो असं नाही. विधी सगळे मान्य पण जगाचा कर्ता देव लागत नाही! नंतर १८६९ मध्ये थॉमस हक्सली या इंग्रज शास्त्रज्ञाने अज्ञेयवादी लोकांसाठी 'अ‍ॅग्नॉस्टिक' हा शब्द काढला, म्हणजे हे कळलेलं आहे असा दावा मी करत नाही असं म्हणणारा. पण अज्ञेयवाद्यालाही प्रश्न महत्त्वाचा वाटू शकतो, तो रात्र रात्र त्यावर जागू शकतो. तुझं तसंही नाही. तुझ्यासारख्यांसाठी इंग्रजीत 'अ‍ॅपथीइझम' असा शब्द आहे, २००३ मध्ये जोनाथन राऊश या अमेरिकन पत्रकाराने त्यावर लेख लिहिला आणि तेव्हापासून तो बराच फिरला. त्यांचं म्हणणं साधारण असं, की स्वतःच्या धर्माची फार फिकीर नाही आणि दुसऱ्याच्या धर्माची तर त्याहून नाही.

एक गोष्ट मात्र स्वतःशी तपासून बघ. कधीकधी फरक पडत नाही असं आपण म्हणतो आणि आत खरं तर राग असतो, किंवा लहानपणी खूप जबरदस्ती झाल्यामुळे आलेला थकवा असतो. माझ्या बाबतीत कितीतरी वर्षं तेच होतं, मी बेफिकीर आहे असं सांगायचे आणि विषय निघाला की घसा कोरडा पडायचा. ती बेफिकिरी नव्हती. तू असं करून बघ, समज उद्या सकाळी पक्कं कळलं की देव आहे, किंवा पक्कं कळलं की नाही, तर तुझ्या उद्याच्या दिवसात काय बदलेल? ऑफिस, बाबांच्या गोळ्या, मैत्रिणीला करायचा राहिलेला फोन, यातलं काही? काहीच बदलणार नसेल आणि हे मनात आणताना पोटात गोळाही येत नसेल, तर तू जशी आहेस तशीच आहेस, तुझ्यात कमी काही नाही.

प्रश्न: मी ६८ वर्षांचा निवृत्त शिक्षक. श्रद्धाळू आहे. नास्तिकांचा मला राग येत नाही, त्यांनी निदान विचार तरी केलेला असतो. पण हल्लीची मुलं जे 'आय डोन्ट केअर' म्हणतात ते मला सहन होत नाही. आपण कुठून आलो, मेल्यावर काय, याहून मोठा प्रश्न कुठला? त्याकडे पाठ फिरवणं हा निव्वळ आळस आहे असं माझं स्पष्ट मत. आपण काय म्हणाल?

उत्तर: सर, तुमच्या बाजूने उभी राहणारी फार मोठी माणसं आहेत. ब्लेझ पास्कल, गणितातला आणि भौतिकशास्त्रातला एवढा थोर माणूस, त्याचं जे लिखाण मृत्यूनंतर १६७० मध्ये छापलं गेलं त्यात तो अगदी तुमच्यासारखाच कळवळून बोलतो. त्याला शोधूनही न सापडलेल्या माणसाची दया येते पण न शोधणाऱ्याचा राग येतो, कारण आत्मा अमर आहे की नाही यावर आपलं सगळं अवलंबून असताना माणूस थंड कसा राहू शकतो हेच त्याला कळत नाही. ते वाचताना मला दरवेळी वाटतं की या माणसाला खरंच काळजी आहे. तुमच्या पत्रातही ती आहे, म्हणून उत्तर जरा लांबवतेय.

पण सर, प्रश्न मोठा आहे म्हणून तो प्रत्येकाचा व्हायलाच हवा का? मालुंक्यपुत्त नावाचा भिक्खू बुद्धांकडे गेला आणि म्हणाला, जग शाश्वत आहे की नाही, त्याला अंत आहे की नाही, तथागत, म्हणजे बुद्धपदाला पोचलेला माणूस, मृत्यूनंतर असतो की नसतो, हे सांगा नाहीतर मी चाललो. बुद्धांनी त्याला बाण लागलेल्या माणसाची गोष्ट सांगितली. बाण विषारी आहे, वैद्य समोर उभा आहे, आणि हा म्हणतोय थांबा, बाण मारणारा कुठल्या वर्णाचा होता, उंच होता की बुटका, धनुष्य कुठल्या जातीचं, दोरी कशाची, पिसं कुठल्या पक्ष्याची, हे आधी कळू दे मग बाण काढा. तो माणूस उत्तरं मिळायच्या आधीच मरेल. त्या प्रश्नांच्या यादीत देव आहे का हा प्रश्न थेट नाहीये, ते प्रामाणिकपणे सांगायला हवं. पण ज्याने दुःख कमी होत नाही तो प्रश्न बाजूला ठेवता येतो, आणि ठेवणारा आळशी असेलच असं नाही, हे त्यातून कळतं. बुद्धांना आळशी कोण म्हणेल?

ग्रीसमधल्या एपिक्युरस या तत्त्वज्ञाने तर उलटीकडून विचार केला. देव आहेत म्हणाला, पण ते इतके आनंदात आहेत की आपल्या भानगडीत पडत नाहीत, म्हणून त्यांना घाबरू नका आणि मृत्यूलाही घाबरू नका. म्हणजे देव आहे असं मानूनसुद्धा रोजच्या जगण्यापुरती बेफिकिरी असू शकते. तुमच्या मुलांमध्येही कोण कुठल्या प्रकारचा आहे ते 'आय डोन्ट केअर' एवढ्यावरून नाही कळत.

तुमचं एक म्हणणं मात्र मला शंभर टक्के मान्य आहे आणि ते मुलांनी वाचावं म्हणून इथे लिहितेय. १७४९ मध्ये दनी दिदरो या फ्रेंच विचारवंताने व्हॉल्तेर या दुसऱ्या फ्रेंच लेखकाला एक पत्र लिहिलं, त्यात म्हटलंय की हेमलॉक आणि पार्स्लीमध्ये गल्लत न होणं फार महत्त्वाचं आहे, पण देवावर विश्वास ठेवणं न ठेवणं अजिबात महत्त्वाचं नाही. दोन्ही झाडं दिसायला सारखी आणि त्यातलं एक जीव घेणारं, त्यामुळे मुद्दा कळतोच. पण त्याच वर्षी दुसऱ्या लिखाणासाठी दिदरोला व्हँसेनच्या किल्ल्यात कैद झाली. आज कोणी खांदे उडवून मला फरक पडत नाही म्हणू शकतं आणि घरी जाऊन शांत झोपतं, ही सोय आपोआप आलेली नाही, ज्यांना फार फरक पडत होता अशा माणसांनी, श्रद्धाळूंनी आणि नास्तिकांनी दोघांनीही, आपापल्या सद्सद्विवेकासाठी मार खाऊन ती मिळवलीय. आणि अजूनही जगात कितीतरी ठिकाणी देव मानला नाही किंवा चुकीचा देव मानला म्हणून माणसं तुरुंगात जातात. तिथे 'आय डोन्ट केअर' म्हणणं मलाही सहन होत नाही. देव आहे का याची फिकीर नसणं वेगळं आणि देवाच्या नावाने कोणाला छळलं जातंय याची फिकीर नसणं वेगळं, पहिल्यातून दुसरं कधी येतं ते कळतही नाही, तेवढं मात्र मुलांना जरूर विचारा, रागावून नाही, तुमच्या शिक्षकाच्या आवाजात.

प्रश्न: फॉर्ममध्ये धर्म विचारतात तेव्हा मी अडकतो. नास्तिक लिहिलं तर खोटं वाटतं, जन्माचा धर्म लिहिला तरी खोटं वाटतं. माझ्यासारखे कोणी असतात का?

उत्तर: खूप असतात. इंग्लंड आणि वेल्सच्या २०२१ च्या जनगणनेत ३७.२ टक्के लोकांनी 'धर्म नाही' असं उत्तर दिलं, २०११ मध्ये ते २५.२ टक्के होते, आणि तिथे हा प्रश्न ऐच्छिक आहे, रिकामा सोडता येतो. अमेरिकेत प्यू रिसर्च सेंटर या संशोधन संस्थेच्या २०२३-२४ च्या मोठ्या सर्व्हेत नास्तिक ५ टक्के, अज्ञेयवादी ६ टक्के आणि 'खास असं काही नाही' म्हणणारे १९ टक्के निघाले. या १९ टक्क्यांत देव किंवा कुठलीतरी शक्ती मानणारेही बरेच आहेत, म्हणजे सगळे तुझ्यासारखे नाहीत. पण ठरलेल्या चौकटीत न बसणारी माणसं चौकटीत बसणाऱ्या नास्तिकांपेक्षा जास्त आहेत एवढं नक्की. कायद्याच्या कागदावर जे लागतं ते लिहून टाक. वारसा, लग्न अशा गोष्टींसाठी यंत्रणेला ती माहिती हवी असते, तिथे तुझ्या मनाची साक्ष कोणी मागत नाहीये. जिथे खरंच तुझं मत विचारलंय तिथे रिकामं सोड.

प्रश्न: ताई, माझा मुलगा ३१ वर्षांचा आहे. चांगला आहे, कमावता आहे, आम्हाला जपतो. पण देवाचं नाव काढलं की काहीच बोलत नाही. हो नाही, नाही पण नाही. त्याने माझ्याशी भांडण केलं असतं, हे सगळं थोतांड आहे असं म्हटला असता, तरी मला बरं वाटलं असतं. मी रोज संध्याकाळी डोळे मिटून बसते तेव्हा तो टीव्हीचा आवाज कमी करतो आणि मॅच बघत राहतो, बस. इतकी वर्षं मी ज्याच्या आधारावर काढली ते त्याच्यासाठी शून्य आहे, हे मला फार लागतं.

उत्तर: तुमचं पत्र मी तीनदा वाचलं. भांडला असता तर बरं वाटलं असतं, हे किती खरं लिहिलंयत. भांडणाऱ्याला निदान ती गोष्ट दिसत असते. दार जोरात आपटणारा मुलगा दाराला मानतो, आणि तुमचा मुलगा त्या दारासमोरून रोज जातो आणि त्याला तिथे दार आहे हेच जाणवत नाही. आईला हे लागणारच, ते लागू नये असं मी म्हणणार नाही.

पण तुम्हीच लिहिलेलं एक वाक्य परत वाचा. तो टीव्हीचा आवाज कमी करतो. मॅच चालू असताना. तुम्ही सांगितलं म्हणून नाही, रोज, आपणहून. त्याला देवाशी घेणंदेणं नाही हे मान्य, पण त्या वेळी तुम्हाला शांतता हवी असते हे त्याला माहितीये आणि ते तो विसरत नाही. तुम्ही ज्याला शून्य म्हणताय त्यात एवढं तरी आहेच. ती श्रद्धा आहे असं मी तुम्हाला पटवून देत नाहीये हं, तसं नाहीच आहे ते, आणि तसं म्हणून तुमची समजूत काढणं म्हणजे त्याच्यावर अन्याय होईल. ते तुमच्याबद्दल आहे, देवाबद्दल नाही.

मला वाटतं तुम्ही त्याला आजपर्यंत मानतोस का, हाच प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत विचारत आलात. त्याच्याकडे त्याला उत्तरच नाहीये, म्हणून तो गप्प बसतो. खोटं हो म्हणून तुम्हाला फसवायचं नाही आणि नाही म्हणून दुखवायचं नाही, मधे उरतो तो गप्पपणा. त्यापेक्षा तुम्ही तुमचं सांगा ना. त्याच्या जन्माच्या आधीचं असेल, एखादं फार वाईट वर्ष असेल, जेव्हा संध्याकाळी असं डोळे मिटून बसल्याशिवाय दुसरा दिवस उजाडेल असं वाटत नव्हतं. ते त्याला कधी सांगितलंयत का? त्याने मानावं म्हणून नका सांगू. आपली आई कशी तगली हे त्याला कळावं म्हणून सांगा, एवढं तर कुठल्याही मुलाच्या आतपर्यंत पोचतं. मॅच नसेल तो दिवस बघा.